विमानाची भाऊबीज

१२ ऑक्टोबर २०२५, टेंभुर्णी

आजही तेच! "पाव्हणं, च्या घेतला का?" गोजरबाईनं विचारलं. माझी सख्खी थोरली बहीण!

म्हणालो, "आक्का, मी सर्जेराव." ती हसली. सुनेला म्हणाली, "दैवशाला, ह्या बाबाला कायतरी होऊन राह्यलं. माझा सर्जा इमानात आसतो."

बायको वारली तशी मुंबईची जागा सोडली आणि इथं आलो — बहिणीजवळ म्हातारपण काढायला. बहीण तर वर बघत बसलेली.

१३ ऑक्टोबर

संध्याकाळचं नागपूरचं विमान गेलं. आक्का गच्चीवर. "आज दिवा न्हाई दाखवला त्यानं." रुसली. त्याच्यावर!

१६ ऑक्टोबर

सकाळपासून चौथीचा वर्ग डोळ्यांसमोर. गुरुजी रुळानं टेबलावर ठेका धरायचे आणि आम्ही पाखरांच्या कविता घसा फाटेस्तोवर म्हणायचो. आता दुसरं कडवं आठवतं, पहिलं गेलं.

त्या कवितांनीच मला नौदलाच्या विमानात बसवलं. एकाहत्तरची लढाई लागली तेव्हा गोव्याला जमिनीवरची सुखाची नेमणूक होती. मी होऊन जहाजावर नाव दिलं. वाटलं, लढाई म्हणजे कवितेचं पुढचं कडवं. कसलं! खाली काळं पाणी, आणि परतताना ते जहाज चिंचोक्याएवढं दिसायचं. त्यावर उतरायचं! आमच्यातला एक उतरला नाही. त्या दिवसानंतर किती वर्षं कविता ओठांवर आली नाही.

इकडे माझं पत्र नाही, म्हणून कुणीतरी उठवलं — सर्जेरावचं विमान समुद्रात पडलं. घरात रडारड. आक्का तेवढी रडली नाही. "पाण्यात पडायला तो काय घागर हाय का?"

लढाई संपल्यावर गावी आलो, तर हिनं माझा सोनेरी पंखांचा बिल्ला चिंचेनं घासला! लख्ख करायला गेली आणि एका पंखाचा मुलामाच उडाला. मी तो तसाच मिरवला.

१८ ऑक्टोबर

काल वसुबारस झाली. दैवशाला विचारत होती, "मामा, सासूबाई इमानाला का ओवाळतात ओ?"

सांगितलं तिला. नौदल सोडून प्रवासी विमानांचा कॅप्टन झालो. दिवाळीत सुट्टी कधीच नाही. ज्या बहिणीचा भाऊ जवळ नसतो ती भाऊबीजेला चंद्राला ओवाळते. आक्का म्हणाली, चंद्र कशाला, माझा भाऊच वरून जातो की! मी इथून जाताना विमानाचा दिवा दोनदा उघडमीट करायचो. खाली ही तबक घेऊन उभी. मला काहीच दिसायचं नाही, पण कपाळ गरम व्हायचं.

निवृत्त होऊन किती काळ लोटला. तिच्या लेखी मी उतरलोच नाही.

दैवशाला म्हणाली, "मामा, सासूबाईंनी चिंचेनं घासलेला त्यो बिल्ला दाखवा की त्याह्यला. बराबर ओळखतेन."

मला का सुचलं नाही हे! भाऊबीजेला ओवाळणी म्हणून तबकात तोच टाकायचा. एकदा तरी "सर्जा" म्हणून हाक मारावी तिनं. एवढंच हवंय.

२१ ऑक्टोबर

बिल्ला पुसून ठेवला. झोप नाही.

२३ ऑक्टोबर, भाऊबीज

आक्काला आता तबक पेलत नाही. मीच धरलं — मलाच ओवाळायचं तबक! "पाव्हणं, जरा सरका, इमान दिसंना." सरकलो. पश्चिमेला चंद्राची बारीक कोर. विमान आलं. तिनं माझ्या हातांवर हात ठेवून तबक आभाळाकडे फिरवलं. गेलं विमान, दिवा न दाखवता.

मी खिशातून बिल्ला काढला, तबकात ठेवला.

तिनं उचलला. उडालेल्या मुलाम्यावरून अंगठा फिरवला. फिरवतच राहिली. ओळखलं!

"हे माझ्या सर्जाचं हाय."

"हो आक्का."

तिनं माझ्याकडे पाहिलं. तोंड पांढरंफटक. "तुमाला कुठं घावलं? पाण्यात?"

मी सांगत सुटलो — आक्का, मीच, मीच तो! ती ऐकतच नव्हती. निरांजनावर पदर फिरवून ज्योत विझवली. त्या वेळी जे रडली नव्हती, ते आज रडली. दैवशालानं धरून खाली नेलं.

मीच मारलं त्याला.

२४ ऑक्टोबर

विमान गेलं. आक्का गच्चीवर गेली नाही, वरही पाहिलं नाही. अंगणात मला म्हणाली, "पाव्हणं, तुमाला बहीण हाय का?"

मी म्हणालो, "न्हाई."

"मंग बसा पाटावर. मलाबी आता भाऊ न्हाई."