गल्लीस कायमचे अर्पण

३ फेब्रुवारी, सोमवार.
सांगलीतल्या गल्लीतले पाचही गाळे आज माझ्या नावावर झाले. याला खरेदी म्हणू नये. सेवा म्हणावे.
पहिल्या गाळ्यात वजीर एकतीस वर्षे कापूस पिंजतो, गाद्या भरतो. पाडव्यानंतर तिथे कॅफे. वजीर कापसाच्या धुळीतून मोकळा होईल. शिवांजलीने विचारले, त्याला विचारलंत का? बायकोला परोपकार कळत नाही.

५ फेब्रुवारी.
वजीरला सांगितले. म्हणाला, आवं साहेब, माज्या फुफ्फुसाची काळजी तुमी कवापासनं करायला लागला?
भावनाविवश झाला असावा.

९ फेब्रुवारी, रविवार. सकाळी ७.
पेपरात बातमी : गल्ली वाचवणार की विकणार? फोटो नको त्या बाजूने. संकल्प : रागवायचे नाही.
७.१०. रागावलो.

११ फेब्रुवारी.
उत्तर सापडले. कोनशिला. काळा ग्रॅनाइट, वर माझा फोटो कोरलेला (वीस वर्षांपूर्वीचा, केस आहेत). मजकूर : 'हे पाचही गाळे श्री. जयराज यांनी येथील दुकानदारांस कायमचे अर्पण केले.'
शिवांजली म्हणाली, कायमचे?
मजकुराला वजन लागते. शिवाय कोनशिला कोणी वाचत नाही.
गुंडा गवंड्याला बजावले, गाळ्यांच्या भिंतीत बसव, सिमेंट दुप्पट घाल. शंभर वर्षे हलता कामा नये.

१६ फेब्रुवारी, रविवार.
अनावरण. फेटा, शाल, नारळ. पिठाच्या गिरणीवाल्या मंगलताईंनी मजकूर मोठ्याने वाचला. मग पुन्हा वाचला. टाळ्या थांबेनात. वजीरने शिलेचे फोटो काढले, जवळून आणि लांबून. डोळे भरून आले. माझे.

२० फेब्रुवारी.
वजीरला गाळा सोडण्याची नोटीस पाठवली. उत्तरादाखल मोबाइलवर शिलेचा फोटो आला. खाली काही लिहिलेले नाही.
समजावायला गेलो. मंगलताई म्हणाल्या, दादा, तुमी दगडावर लिवलंय, आन् आता कागद घिऊन फिरताय व्हय?
पिठाचे हात होते तरी जोडले.

२१ फेब्रुवारी.
वकील म्हणतात, दगड म्हणजे दस्त नव्हे. फक्त, दगडावर लिहिलेले खोटे आहे असे कोर्टात सांगावे लागेल. पेपरवाल्यांसमोर.
आज पेपरात : शब्द दगडावर कोरला! फोटो योग्य बाजूने. पाच प्रती आणल्या.
विचार करतो म्हणालो.

२३ फेब्रुवारी.
गुंडाला गुपचूप बोलावले. शिला काढ म्हटले. छिन्नी लावून बघितली, मान हलवली. म्हणाला, शंभर वर्सं म्हणाला हुता न्हवं? आता सात दिसात कसं निगंल? भिताड पाडावं लागंल.
शिवांजली हसत नव्हती. पदर तोंडावर होता.

२८ फेब्रुवारी, शुक्रवार. दुपारी.
गल्लीत गेलो. टोपी घालून. शिलेला हार, पुढे उदबत्ती. मंगलताई रोज लावतात म्हणे.
परगावची एक म्हातारी नातीच्या लग्नाच्या गाद्या सांगायला आलेली. शिलेपुढे तिने हात जोडले. मग माझ्याकडे वळली. लय मोठ्या मनाचा दिसतोय गं बाई. तरणाताठा. कवा गेला?
वजीरचे पिंजणे थांबले. गिरणीही थांबली. दोघे माझ्याकडे बघत राहिले.
सोळा तारखेला, मी म्हणालो.
वजीर पुन्हा पिंजू लागला.