वेसेलींचा पडलेला ‘ने’

बुडापेस्ट,
द्राक्षतोडणीचे दिवस

ती. मार्गितताई,

तुझ्या दोन्ही हातांचे मुके घेऊन लिहायला बसले आहे. भावोजींचा गुडघा काय म्हणतोय? तू पाठवलेली कांद्यांची माळ पोचली. सोलताना मनसोक्त रडून घेतलं. मला निमित्त हवंच होतं. काल्मान मजेत आहे. नको तितका मजेत आहे, आणि तेच तुला सांगायचं आहे.

सिनेमात मी कित्येक वर्षं मोलकरीणच, हे तू जाणतेस. दार उघडायचं, ‘बाईसाहेब, पाहुणे आलेत’ म्हणायचं आणि हातातला ट्रे पाडायचा. (माझ्यासारखा ट्रे कुणी पाडत नाही, असं दिग्दर्शकसुद्धा म्हणतात.) पण या खेपेला ट्रे पुसताना मी गुणगुणत होते ती चाल त्यांनी ऐकली आणि थेट नायिकेच्या तोंडी घातली. माझी चाल, ताई! स्टुडिओच्या कचेरीत कारकुनाने पडद्यावर घालायला नाव विचारलं. लग्न नवं होतं, अंगावरची हळद म्हण ना, उतरली नव्हती. मी शहाणीने ऐटीत सांगितलं, ‘वेसेली काल्मानने.’ मेली काय रीत आहे आपली! नवऱ्याच्या नावाला ‘ने’ जोडला की बायको तयार, तिचं स्वतःचं नाव गेलं चुलीत. त्यात रंगाऱ्याची पाटी पडली अरुंद. ‘ने’ मावला नाही. झालं! पडद्यावर ही भलीमोठी अक्षरं: संगीत, वेसेली काल्मान.

काल्मान! ज्याला चर्चची घंटा कुठली नि ट्रामची कुठली ते कळत नाही! माझा छत्र्या विकणारा भोळा नवरा. पहिल्याच खेळाला लोक त्याच्याकडे वळून टाळ्या वाजवायला लागले, आणि तो उठून चक्क वाकला. (छत्री शोधायला वाकलो, असं तो अजून शपथेवर सांगतो.) आता दुकानात गिऱ्हाईक येतं ते छत्री नको, सही द्या म्हणतं. आधी तो नाही नाही म्हणायचा. मग नुसता हसायला लागला. हल्ली गळ्यात रेशमी रुमाल असतो.

परवा कॉफीघरात व्हायोलिनवाला आमच्या टेबलाशी आला. मास्तर, मधली जागा जरा गाऊन दाखवा म्हणाला. काल्मान गायला. ताई, पत्र्यावरून मांजर घसरावं तसं! आणि त्या भल्या माणसाने आदराने अगदी तस्संच वाजवलं. माझ्या चालीचा मुडदा पडताना ऐकून मला रडूच फुटलं. त्याने ते पाहिलं, रुमाल काढून खिशात कोंबला आणि उभा राहून मोठ्याने म्हणाला, “अहो, गाणं हिचं आहे. माझं नुसतं नाव!” आणि मग काय त्या टाळ्या! नवरा असावा तर असा, बायकोला श्रेय देतोय! एका म्हातारीने माझा गालगुच्चा घेतला, “नशीब काढलंस हो पोरी.”

ट्राममध्ये तो विचारत होता, “इल्का, आता मी आणखी काय करू गं?” त्याच्यावर रागावता येत नाही हेच तर दुखणं आहे. पण जन्मात एकदा काही माझं असं झालं, आणि तेसुद्धा जगाने त्याच्या पदरात घातलं. फार लागलं गं मनाला. आईला यातलं काही कळवू नकोस. तिला जावई संगीतकार निघाल्याचा आनंद झालाय.

तुझी
वेसेली काल्मानने
(बघ, सवय!)

ता. क. हा सिनेमा रविवारी तुमच्या माको गावात लागतोय. थिएटरबाहेर नायिकेच्या चित्राची मोठी पाटी असेल, त्यावर हेच नाव. तू उंच आहेस. गुपचूप जाऊन नावाला तेवढा ‘ने’ जोडशील? खरं म्हणजे पत्र त्यासाठीच.

ता. क. दुसरा. ‘ने’ राहू दे. तो जोडूनही मी कुठे दिसणार? अख्खं नाव खोड आणि इल्का लिही. सोबत काळ्या रंगाचा डबा येतोय, छत्रीच्या मुठींना लावतात तो रंग, पावसात जात नाही. डबा त्यानेच बांधून दिला. आत्ता खांद्यावरून वाचतोय आणि म्हणतोय, नुसतं इल्का नको, माहेरच्या आडनावासकट लिहा म्हणावं, तार्कान्यी इल्का. जागा कमी पडली तर खुशाल नायिकेचं डोकं रंगवून टाका.