ओल्या बुट्ट्या

बोरोस, स्वीडन
९ जून २०२४

तीर्थरूप आत्तीस,
संघप्रियाचा सप्रेम जय भीम.

तुझ्या कानांनी फोनशी कट्टी घेतली आणि मला पत्रं लिहायची सवय लागली. पोचायला तीन आठवडे लागतात, पण फोनवर मी तुझ्याशी एवढं सविस्तर कधीच बोलले नसते.

आधी आनंदाची बातमी. तुमच्या महिला गटाच्या बांबूच्या बुट्ट्या संपल्या! मार्चमध्ये दहा दुकानांत नमुन्याला ठेवल्या होत्या, तीन आठवड्यांत फळ्या रिकाम्या. इथले लोक त्यात काय ठेवतात ते ऐकून हसशील. लोकरीचे मोजे, जुनी मासिकं. एका बाईनं तर तिचं मांजर झोपवलंय आणि त्याचा फोटो आमच्या ऑफिसला पाठवलाय.

आमची लिलेहूस कंपनी आहे तरी केवढी, असं तू विचारलं होतंस. तीस वर्षांपूर्वी एका माणसानं इथल्या बंद गिरणीच्या गोदामात टॉवेल आणि चादरी स्वस्तात विकायला सुरुवात केली. घरात लागणारं सगळं मिळेल आणि शेजारच्या दुकानापेक्षा स्वस्त मिळेल, एवढंच त्याचं म्हणणं. आज एकशे ऐंशी दुकानं आहेत. नॉर्वे झालं, फिनलंड झालं, आता जर्मनीत चाललेत. आमच्या कॅन्टीनमध्ये एक नकाशा आहे. नवं दुकान उघडलं की त्यावर लाल टाचणी टोचतात. हल्ली पंधरा दिवसांत एक टाचणी वाढते. आता त्यांना प्रत्येक दुकानात तुमची बुट्टी हवी आहे. तुमचा माल परदेशी पाठवणाऱ्या शाहूपुरीच्या गणपतरावांना तशी ऑर्डर गेलीय. ते तुमच्याकडे येतीलच.

एक गोष्ट मनाला लागून आहे. या बुट्ट्या करणाऱ्या गटाची प्रमुख माझी आत्या आहे, हे मी ऑफिसात सांगितलेलं नाही. आलेल्या मालाची खोकी उघडून तपासायची आणि माल पुढं सोडायचा की थांबवायचा ते ठरवायचं, हे माझं काम. नात्यातल्या माणसाचा माल असेल तर तसं सांगावं लागतं. दहा दुकानांपुरता माल होता तेव्हा मी गप्प बसले. आता सांगायला हवं. सांगेन लवकरच.

गुडघ्याला तेल लावतेस ना? धोंडुबाईंना माझा जय भीम सांग. अशीच माया राहू दे.

तुझी,
संघप्रिया


ता. चंदगड, जि. कोल्हापूर
२ जुलै २०२४

चि. संघप्रियास,
आक्काताईचा जय भीम आणि पोटभर आशीर्वाद.

पोस्टमननं तुजं पत्र प्लास्टिकच्या पिशवीत घालून कोरडं आणून दिलं. हितं चार दिस झाले, सूर्य न्हाय. समाजमंदिरात सगळ्यांस्नी पत्र वाचून दाखवलं. मांजराचं ऐकून बाया लई हसल्या. धोंडुबाई तेवढी म्हणाली, की बुट्टी भाकरीला केलीया, मांजराला न्हाय. तिच्या माहेरी पिढ्यान्‌पिढ्या हेच काम, आमास्नी तिनंच शिकवलं. तिला राग येणारच की.

गणपतराव जीप घेऊन आलते. सहा हजार बुट्ट्या, ऑगस्ट संपायच्या आत. मला वाटलं माज्या कानांनी घोळ केला, म्हणून कागदावर लिहून मागितलं. सहा हजारच! आपण बारा बाया, लई झालं तर महिन्याला पाचशे करतो. पण एवढ्या लांबनं कुणीतरी आपल्याला विचारतंय म्हटल्यावर मला न्हाय म्हणवेना. शेजारच्या तीन वाड्यांतल्या बाया धरल्या, आता साठजणी झालोय. रोपलागणीचे दिस, तरी शेतातनं येऊन बसत्यात.

धोंडुबाई रोज कुरकुरती. पावसात बुट्टी विणावी, पण बांधून ठेवू नये म्हणती. बांबू वरनं कोरडा दिसतो आणि आत पाणी धरून बसतो, असं तिचं म्हणणं. मी तिला म्हटलं, चुलीवरच्या माळ्यावर सुकवू. तर म्हणाली, सहा हजारांना माळा कुणाचा हाय?

तुजी आई गेल्यावर तू माज्या पदराला धरून फिरायचीस. त्या पोरीच्या कंपनीत आपला माल चाललाय, ह्याचंच मला अप्रूप. आपलं नातं ऑफिसात सांगून टाक. लपवण्यासारखं आपण काय केलंय? थंड पाव खाऊन राहू नकोस. लोभ हाय तो वाढू दे.

तुजी आत्ती,
आक्काताई


ता. चंदगड, जि. कोल्हापूर
१९ ऑक्टोबर २०२४

चि. संघप्रियास,
आक्काताईचा जय भीम व आशीर्वाद.

हे पत्र तुला मिळेल तवर बुट्ट्या पोचल्या असतील. म्हणून घाईनं लिहिते. फोन करून कुणाकडनं सांगितलं असतं, पण मग गावभर झालं असतं. आणि हे माज्या तोंडचं हाय, दुसऱ्याच्या तोंडनं नको.

बाळ, त्या बुट्ट्या पुरत्या वाळल्या नव्हत्या.

ऑगस्टच्या शेवटाला ट्रक दारात उभा, पाऊस सुरूच. मी खोक्यात हात घालून बघितला. गार लागलं. धोंडुबाईनं माजा हात धरला आणि म्हणाली, की आक्का, हे बांधू नकोस, आठ दिस मागून घे. साठजणी माज्याकडं बघत उभ्या होत्या. सगळ्यांची बोटं फाटलेली. गणपतरावांनी सांगितलं, की जहाज काय कुणासाठी थांबत न्हाय. आणि मी म्हटलं, करा खोकी बंद.

धोंडुबाई त्या दिसापासनं माज्याशी कामापुरतंच बोलती. धम्मचक्र प्रवर्तन दिनाला विहारात शेजारी बसली, पण बघितलं न्हाय. वंदना म्हणताना खोटं बोलायचं न्हाय असं सगळ्यांबरोबर मीबी म्हटलं आणि जीभ अडखळली. गणपतरावांच्या कागदावर 'माल कोरडा' असं लिहिलेलं. खाली सही माजी.

म्हणून तुला सांगते. खोकी उघडून नीट बघ. ओलं असंल, बुरशी असंल, तर एकबी बुट्टी दुकानात जाऊ देऊ नकोस. आत्तीचं तोंड बघू नकोस. मला राग येणार न्हाय. आला तर तो माजा मला.

तुजी,
आक्काताई


बोरोस, स्वीडन
२१ ऑक्टोबर २०२४

तीर्थरूप आत्तीस,
संघप्रियाचा जय भीम.

हे पत्र कसं लिहू कळत नाही. गणपतरावांना कंपनीचा निरोप गेलाय, म्हणजे तुला आधीच सगळं कळलेलं असेल. तरी माझ्या हातचं तुला मिळावं.

गुरुवारी तुमचा कंटेनर आला. पहिलं खोकं मी मुद्दाम स्वतः उघडलं. वास आला तेव्हाच कळलं. बुट्ट्यांच्या तळाला करडी बुरशी होती. दुसरं खोकं उघडलं, पाचवं, विसावं. काही अगदी छान निघाल्या आणि त्याचंच जास्त वाईट वाटलं, कारण विणकाम इतकं सुंदर होतं. तुझी वीण मी ओळखते. काठाला तू एक पीळ जास्त देतेस.

चांगली खोकी पुढं लावून बाकीची मागं सरकवता आली असती. कुणी बघत नव्हतं. पण बुरशीची बुट्टी कुणाच्या तरी घरात, लहान मुलांच्या खोलीत जाणार. मी तक्त्यावर 'थांबवा' लिहिलं आणि सही केली. तशीच वर गेले आणि माझ्या साहेबीण बिर्गित्ता यांना सांगितलं, की माल खराब आहे, आणि तो करणारी माझी आत्या आहे, हे मी मार्चपासून सांगितलं नव्हतं.

त्यांनी माझा तक्ता मागून घेऊन वाचला. मग म्हणाल्या, की निर्णय होईपर्यंत मी घरी थांबावं. आज चौथा दिवस. नोकरी गेली तर इथं राहण्याचा परवानाही जाईल. पण आत्ती, खरं सांगू? त्याहून जास्त मला तुझं भय वाटतंय. तुझ्या साठ बायांची मेहनत मी एका सहीनं थांबवली. ज्या हातांनी मला भरवलं, त्यांच्याच कामावर मी फुली मारली.

रागावलीस तरी पत्र लिही. शिव्या घाल, पण लिही.

तुझीच,
संघप्रिया


बोरोस, स्वीडन
८ नोव्हेंबर २०२४

प्रिय आत्ती,
जय भीम, जय भीम, जय भीम!

तुझं १९ तारखेचं पत्र आज मिळालं. दारातच उभी राहून वाचलं, थंडीत, कोटसुद्धा न काढता. तू लिहीत होतीस तेव्हा मी बुट्ट्या थांबवून घरी बसले होते. तू सांगायच्या आधीच तुझं ऐकलं म्हण ना! तीन आठवड्यांनी पहिल्यांदा पोटभर जेवले. वरण-भात केला आणि भांडं पुसून खाल्लं.

माझी नोकरी राहिली. लेखी समज मिळाली आणि ती योग्यच आहे. चंदगडचा माल यापुढं मी तपासणार नाही, दुसरी मुलगी तपासेल. बाकी काम तेच. बिर्गित्ता म्हणाल्या, की माल आपल्या माणसाचा असूनही मी थांबवला, आणि असा माणूस त्यांना तपासणीवरून काढायचा नाही. पण एवढे महिने लपवलं ते त्या विसरणार नाहीत, हेही त्यांनी तोंडावर सांगितलं. मी मान खाली घालून ऐकलं.

आज दुपारी तुझं पत्र घेऊन परत त्यांच्याकडे गेले आणि पूर्ण भाषांतर करून वाचून दाखवलं. तुला न विचारता वाचलं, माफ कर. धोंडुबाईंनी हात धरला तिथं त्यांनी मला थांबवून ते वाक्य पुन्हा वाचायला लावलं. मग खरेदीच्या साहेबांना बोलावून विचारलं, की या बायकांना महिन्याला किती बुट्ट्या जमतात आणि तिथं पाऊस कधी असतो, हे आपण कधी विचारलं होतं का. त्यांनी कबूल केलं, की नाही विचारलं. दुकानं एवढ्या वेगानं वाढत गेली, की प्रत्येक टाचणीमागं तेवढा माल लागणार एवढाच हिशेब सगळ्यांच्या डोक्यात होता.

ठरलं ते असं. चांगल्या निघालेल्या दोन हजार बुट्ट्या वाळवून विकणार, बाकीच्या नष्ट करणार. नुकसानीचं कंपनी आणि गणपतराव आपसात बघतील, गटाच्या अंगावर काही येणार नाही. कागद गणपतरावांकडे पाठवलाय. आणि पुढं तुमची बुट्टी सगळ्या दुकानांत ठेवायची नाही. फक्त स्वीडनमधल्या पहिल्या चाळीस दुकानांत, आणि तीही वसंतात. किती करायच्या आणि कोणत्या महिन्यांत, ते तुम्ही कळवायचं. तुम्ही म्हणाल तो आकडा. तू आणि धोंडुबाई मिळून ठरवा.

आता तरी नीट झोप.

तुझी लाडाची,
संघप्रिया


ता. चंदगड, जि. कोल्हापूर
१ डिसेंबर २०२४

चि. संघप्रियास,
आत्तीचा जय भीम आणि पोटभर आशीर्वाद.

तुजी दोन्ही पत्रं मिळाली. पैलं वाचून मी लई रडले. येडे, तुज्यावर मी कशी रागावंन? गणपतरावांनी येऊन माल थांबल्याचं सांगितलं, तवा सगळ्या बाया धास्तावल्या. मला मात्र छातीवरचा दगड कुणीतरी उचलल्यावानी झालं. तू थांबवलंस हे कळल्यावर तर मी गणपतरावांस्नी चहाला बसवलं. त्यांस्नी वाटलं, म्हातारीचं डोकं फिरलं.

मग समाजमंदिरात सगळ्यांस्नी बोलावलं आणि उभी राहून सांगितलं, की धोंडुबाई नको म्हणत हुती, हात मी घातला हुता, ओलं मला कळलं हुतं, तरी सही मी केली. गटाचं प्रमुखपद दुसऱ्या कुणाला द्यायचं तर द्या. कुणी काय बोलंना. मला वाटलं, बोलत असत्याल आणि मलाच ऐकू येत नसंल. मग धोंडुबाई उठली, माज्या कानापाशी आली आणि सगळ्या समाजमंदिराला ऐकू जाईल अशी वरडली, की प्रमुख तूच राहायचंस, पण माल वाळला का ते मी सांगणार. बाया एवढ्या हसल्या की बाहेरची पोरं डोकावून गेली.

तुज्या साहेबिणीला आमचा आकडा कळव. ऑक्टोबर ते मे, महिन्याला सहाशे. पावसाळ्यात एकबी न्हाय. वाड्यांवरच्या बायांस्नी आता सावकाश, नीट शिकवायचं. पुढल्या वर्षी आकडा वाढला तर आम्हीच कळवू. आता अंगणात ऊन हाय. बुट्ट्या पालथ्या घालून ठेवल्यात. धोंडुबाई परवापातूर एकेकीत हात घालून बघत हुती आणि तिचं मन भरंस्तवर कुणाला शिवू देत नव्हती.

आणि एक सांगायचं हाय. धोंडुबाईची लेक बेळगावला असती, तिला जुलैत मुलगी झाली. दुसरी खेप, म्हणून बाळंतपण सासरीच झालं. धोंडुबाईनं तवा मला विचारलंतं, की आठ दिस जाऊन येऊ का. मी म्हटलं हुतं, एवढा लॉट गेला की जा. लॉट गेला आणि आमचं बोलणंच तुटलं. ती परत विचारायला आली न्हाय आणि मला आठवलं न्हाय. पाच महिन्यांची झाली पोर, आजीनं अजून बघितली नव्हती.

परवा सकाळच्या एसटीला मी तिला बसवून आले. खिडकीतनं ती सांगत हुती, की मागच्या रांगेतल्या बुट्ट्या उद्या पलटायच्या. मला निम्मं ऐकू आलं, निम्मं मी मुद्दाम ऐकलं न्हाय. गाडी हलली तशी तिनं पदर सारखा केला आणि तोंड पुढं फिरवलं, बेळगावच्या बाजूला.

आठ दिस म्हणून गेलीया. मी पंधरा सांगितलंय. तूबी तब्येतीला जप, आणि आपल्यातली माया अशीच नांदू दे.

तुजी आत्ती,
आक्काताई