उलट्या बाजूच्या गाठी

सिस्टर,

परवा एका बाईने कात्री फेकली. माझ्या कानापासून वीतभर अंतरावर ती भिंतीवर आपटली, आणि मला तुमची आठवण झाली.

आठवणीत मी अकरा वर्षांची आहे. वसईच्या शाळेतल्या शिवणाच्या वर्गात, वेदीवरच्या कापडावर द्राक्षांचा घड भरते आहे. तुम्ही कापड उलटं करता. मागे एक गाठ. "देवाला उलटी बाजूही दिसते," तुम्ही म्हणता आणि हात पुढे करायला सांगता, पेरं वर करून. पट्टी आडवी नाही, धारेवर. तिसऱ्या फटक्याला कातडी फुटते. कापडावर रक्त पडतं, म्हणून आणखी दोन. मग तुम्हीच माझा हात नळाखाली धरता, आपला रुमाल बांधता आणि हळूच सांगता, "घरी सांग, सुई लागली." मी तसंच सांगितलं. आईने सुईला शिव्या दिल्या. वर्ष संपताना तुम्ही तुमचं पितळेचं अंगुस्तान मला दिलंत, वर्गातल्या दुसऱ्या कोणालाच नाही. त्या दिवशी मी तुमच्यासाठी जीवही दिला असता. ते अंगुस्तान घेऊनच मी दुबईला आले, आणि नोकरी संपल्यापासून रोज शिवताना ते माझ्या बोटात असतं.

कात्री फेकणारी बाई चित्रकार आहे. आर्मेनियन, बैरुतमध्ये वाढलेली, माझ्या मुलीपेक्षा थोडी मोठी. अल क्वोज या कारखान्यांच्या भागात, एका गोदामात ती काम करते. शेजारी गॅरेज, दिवसभर पत्रा ठोकल्याचा आवाज. माझी मुलगी तिच्या प्रदर्शनांची व्यवस्था बघते. एक जुनं भरतकामाचं कापड आधाराच्या जाळीवर शिवून द्यायला हात हवा होता, म्हणून तिने मला नेलं. "ममा नन्सकडे शिकलीय," ती म्हणाली. चित्रकार हसली. "माझी पणजीही अनाथाश्रमात मिशनरी बायांकडेच शिकली. म्हणजे आपण एकाच शाळेतल्या!"

कापड त्या पणजीचं होतं. पांढऱ्यावर लाल डाळिंबं. १९१५च्या आर्मेनियन हत्याकांडात, पणजी आठ वर्षांची असताना, तुर्कस्तानातल्या तिच्या गावातले पुरुष एका सकाळी नेऊन मारले, आणि बायकामुलांना वाळवंटाकडे हाकललं. वाटेत तिच्यासमोर तिच्या आईचं पोट फाडलं. तान्ह्या भावाला पाय धरून दगडावर आपटलं. चित्रकार हे सगळं चहा ओतता ओतता सांगत होती, एखाद्या शेजारणीचं सांगावं तशी. "घरात याबद्दल कोणी बोलायचं नाही. पण माझे बाबा पाणी सांडलं तरी पट्ट्याने मारायचे, आणि मारून झालं की रडायचे. मी विचार करायची, यांना कोणी मारलं होतं?" मग ती म्हणाली की प्रदर्शनात हे कापड उलटं लावायचं, मागची बाजू लोकांकडे. "तू फक्त कडा शिव. बाकी कशाला हात लावू नकोस. का ते सांगते." तेवढ्यात तिचा फोन वाजला आणि ती बाहेर गेली.

मी कापड उलटं केलं. मागे गाठी होत्या, काळ्या दोऱ्याच्या, चांगल्या टपोऱ्या. सिस्टर, मला त्या पणजीची दया आली. पोर घाईत असेल, राहून गेल्या असतील, आणि आता सगळं जग बघणार. म्हणजे तिचीच लाज झाकावी म्हणून मी कात्री उचलली. तुम्ही शिकवलं होतंत तशी, पातं कापडाला टेकवून, दोऱ्याचा मागमूस न ठेवता. तीन कापून झाल्या आणि ती आत आली.

"नो! नो, नो!" तिने माझ्या हातातून कात्री हिसकावली. "ती माणसं आहेत! सात होत्या. तिला लिहिता येत नव्हतं. तिच्या घरातले हे सहा आणि तो तान्हा!" आणि कात्री भिंतीवर गेली.

तेव्हा मी काय केलं, ठाऊक आहे? साठी उलटलेली बाई मी, उभी राहिले आणि हात पुढे केला. पेरं वर करून.

गॅरेजमधला हातोडा तेवढा चालू होता. चित्रकार माझ्या हाताकडे बघत राहिली. तिचा राग एकदम गळून पडला. "खलास," ती म्हणाली, म्हणजे अरबीत 'पुरे', "खलास, हबीबती, खाली घे तो." मी रडत म्हटलं, मी पुन्हा शिवून देते, दिसणारही नाही. "नाही. तशाच राहू देत. आता हेही त्यात आलं." कापलेल्या तीन गाठी तिने चिमट्याने एकेक उचलल्या, कागदावर ठेवल्या. त्या काचेखाली, कापडाच्या शेजारी असणार आहेत.

मुलगी दारात उभी होती. तिने सगळं पाहिलं होतं. घरी येताना गाडी तीच चालवत होती. मग सिग्नलला थांबल्यावर, समोर बघतच म्हणाली, "आय डिड इट टू, ममा. तू हात पुढे केलास तेव्हा माझाही झाला. पाठीमागे लपवला."

मी खिडकीबाहेर बघत बसले. "ऊन किती आहे," एवढंच म्हटलं.

हे पत्र तुम्हाला पोचणार नाही, ते अंगुस्तानाबरोबर शिवणाच्या डब्यात राहील. तुमच्यावर राग काढायला बसले होते. तो निघत नाही, तुम्ही बांधलेला रुमालच आठवतो. मुलगी आता आत कांदा चिरते आहे. कांदा धरताना तिच्या डाव्या हाताचं मधलं बोट पूर्ण वळत नाही. गणिताच्या वहीत तिने खाडाखोड केली होती, आणि माझ्या हाताशी लाकडी पट्टी होती. क्लिनिकमध्ये मी सांगितलं, दारात बोट सापडलं. डॉक्टरने खात्रीसाठी तिलाही विचारलं. तिने माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाली, "डोअर." सहा वर्षांची होती.