आवाज नसलेली एकोणीस मिनिटं

तीर्थरूप मामांना,

भाच्याचा नमस्कार. (पाठ धरली आहे, म्हणून निम्माच वाकलो, उरलेला भेटीत करीन.) तब्येत कशी आहे? विशेषतः कान? गुडघ्याच्या उपचारांसाठी आमच्याकडे आलेली मामी मजेत आहे, रोज आईशी भांडून मग जेवते. माझा मात्र पार पिट्ट्या पडलाय.

बावीस वर्षं मी अंधाऱ्या खोलीत बसून दुसऱ्यांचे सिनेमे कापले. एकेका दिग्दर्शकाने नायिकेला जिना चढवायला चार-चार मिनिटं घ्यायची आणि मी मनातल्या मनात त्याचा उद्धार करत ती चाळीस सेकंदांवर आणायची. मग एका निर्मात्याने विचारलं, तुम्हीच का नाही करत दिग्दर्शन? (चहा घेणार का, याच सुरात विचारलं होतं हो.) मी हुरळलो. तुम्हाला पोस्टमास्तरची चिमुकली भूमिका दिली तेव्हा माझा रुबाब काय होता, आठवतंय ना?

घात सवयीने केला. शॉट कुठे कापायचा ते मला आधीच दिसतं, त्यामुळे नटाचा शेवटचा शब्द तोंडातून बाहेर पडायच्या आत मी "कट!" ओरडायचो. नायकाने रडायला तोंड वाकडं केलं, की कट. नायिका वळली, की कट. लोक म्हणायचे, काय झपाटा आहे! पंचेचाळीस दिवसांचं शूटिंग बावीस दिवसांत उरकलं. मग कापायला बसलो, तर कापायला काही उरलंच नव्हतं. सगळं जोडून सिनेमा भरला एक तास दोन मिनिटं. निर्माते म्हणाले, इतक्या वेळात तर लोक आपली खुर्ची शोधतात. शुक्रवारपर्यंत ऐंशी मिनिटं झाली नाहीत तर सिनेमा कपाटात आणि मी परत त्या खोलीत, कायमचा. खरं सांगतो मामा, मला रडू आलं.

अख्खे सापडले ते फक्त तुमचे शॉट. मी कट म्हणून पुढच्या शॉटच्या तयारीला पळालो, तरी तुम्ही आपले बोलताय! ऐकूच आलं नसणार. कॅमेरावाल्याला विचारलं, बंद का नाही केलास, तर म्हणे, "वडीलधारे आहेत." असा एकोणीस मिनिटांचा ऐवज निघाला. आणि चेहरा काय आहे तुमचा! नायक झक मारतो. (त्याने माझा फोन घेणं बंद केलंय.) पण ध्वनिमुद्रक पडला इमानदार, माझ्या प्रत्येक कटवर त्याने आवाज बंद केला. तुमचे ओठ हलतायत, आणि बोलताय काय ते देव जाणे.

लोभ आहेच, तो या पत्रामुळे कमी होऊ नये.

तुमचा,
दमलेला भाचा

ता. क. खरं काम हे, की बुधवारच्या गाडीने या आणि जे बोललात ते आठवून पुन्हा बोला. कानाच्या डॉक्टरांची वेळही घेऊन ठेवलीय, नाही म्हणू नका.

पुन्हा ता. क. पाकीट चिकटवणार इतक्यात मामीने ते शॉट पाहिले. तुम्ही बोलायला लागलात की ती रेडिओ मोठा करते, त्यामुळे तुमचे ओठ तिला चाळीस वर्षं पाठ आहेत. बहुतेक वेळ तुम्ही तिच्या स्वयंपाकाबद्दल बोललायत. ("येऊ देत, मग बघते," असा निरोप आहे.) पण दर वेळी मी कट म्हणालो, की आधी कॅमेरावाल्याकडे बघून तुम्ही एकच म्हणता. मामीने वाचून दाखवलं आणि पदर डोळ्यांना लावला: "ऐकलं मी. तुम्ही बंद करू नका हो. हा पोरगा लहानपणापासून घाईचा. पुढं कमी पडलं तर कुणाकडे मागेल?"