लिओनिलाबाईंच्या सापाचा खरा पत्ता

चुरुबी नदी, खालचं गाव
मंगळवार

आदरणीय कोंपाद्रे डॉक्टर व्हियासीस,

तुमची धर्मकन्या यादिरा हिचा बाप, म्हणून तुमचा कोंपाद्रे, तुलियो कोरोसो याचा मनापासून नमस्कार. किटोच्या थंडीत तुमचा डावा गुडघा काय म्हणतोय? नेल्फानं सोबत नारळाचं तेल पाठवलंय. ते गुडघ्याला चोळायचं आहे. (मागच्या खेपेला तुम्ही त्यात केळी तळलीत हे तिला कळलंय.) आमच्याकडे सगळे ठीक. कोको बरा आलाय, सासूबाई एक्याण्णव वर्षांच्या झाल्या आणि अजून मला नावानं हाक मारत नाहीत.

आता मुद्द्यावर येतो. येतो म्हणजे, तीन दिवस येतोच आहे. सव्वीस वर्षांपूर्वीचा तो साप आठवतो ना? काय विचारतोय मी! करंगळीएवढा जाड, कॉफीच्या बीसारखा तपकिरी, गांडुळं खाऊन राहणारा, कुणाच्या अध्यात ना मध्यात. तसा एकच साप तोवर शास्त्राला ठाऊक होता, कुणा परदेशी साहेबानं शंभर वर्षांपूर्वी आमच्या काठावर धरून बाटलीत घातलेला. पलीकडच्या काठावर काय आहे ते कुणीच पाहिलं नव्हतं, म्हणून तुम्ही मला होडी आणि सात दिवसांचा तांदूळ देऊन तिकडे धाडलंत. आठव्या दिवशी मी साप घेऊन हजर. तुम्ही त्याच्या पोटावरचे खवले तीनदा मोजलेत, साहेबाच्या सापापेक्षा बारा जास्त भरले, आणि तुम्ही मला अशी मिठी मारलीत की माझी एक बरगडी अजून कुरकुरते. नवी जात! मधल्या नदीनं वेगळी पाडलेली! तिला तुम्ही तुमच्या पत्नीचं, लिओनिलाबाईंचं नाव दिलंत. बाईंना जाऊन तेव्हा वर्षही झालं नव्हतं.

कोंपाद्रे, मी पलीकडे एकच दिवस होतो.

तिकडे डास होते आणि नेल्फा नव्हती. आमचं लग्न ठरायचं होतं, तिच्या आईला ‘सापवाला’ जावई नको होता, आणि मी दुसऱ्याच सकाळी परतून त्यांच्या खुराड्याचं छप्पर शाकारायला बसलो. (मर्जी मिळवायला. मिळाली नाही.) सहाव्या दिवशी खुराड्यातल्या पाल्यात हा साप वळवळला आणि मी नुसत्या हातानं झडप घातली. तुम्ही विचारलंत, “पलीकडचाच ना?” तुम्ही इतके खुशीत होतात की मी मान हलवली. वाटलं, काठ हा असला काय, तो असला काय, सापाला काय फरक पडतो!

सापाला नाही पडला, यादिराला पडला. तुम्हीच तिला प्रबंधासाठी हा विषय दिलात. पोरीनं दोन वर्षं पलीकडचं रान पिंजून काढलं, एकही साप नाही. आमच्या काठावर मात्र अकरा! त्यांतल्या काहींचे खवले साहेबाच्या सापाइतके, काहींचे बाईंच्या सापाइतके. गेल्या रविवारी नारळाच्या रसातली मासळी पानात असताना तिनं चमचा खाली ठेवला.

“पप्पा, कमी खवलेवाले सगळे नर आहेत. जास्तवाल्या सगळ्या माद्या. या दोन जाती नाहीतच. नवरा-बायको आहेत.”

“असतील बाई,” मी म्हटलं. “नवरा-बायकोही दोन काठांवर राहतात. तुझी आत्या बघ.”

“तो साप नेमका कुठे धरलास?”

मग मी सगळं ओकलो. ती आधी डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसली. मग हसणं थांबलं आणि पाणी तेवढं राहिलं. तुमच्या शास्त्राचा नियम म्हणे असा, की जात एकच निघाली तर आधीचं नाव राहतं, म्हणजे साहेबाचं. नंतरचं जातं. म्हणजे बाईंचं.

तुम्ही बाईंचं नाव जपून राहावं म्हणून नदीपलीकडच्या रानात ठेवलंत, आणि मी ते कोंबड्यांच्या खुराड्यात ठेवून आलो. या वयात दुसरं कुणी मला रागावणारं उरलेलं नाही (सासूबाई सोडून), तेव्हा तुम्हीच पोटभर रागवा. पण बोलणं टाकू नका. तेवढं मला झेपायचं नाही.

तुमच्या पायांशी,
तुलियो

ता. क. हे पत्र नेल्फानं वाचलं. तिचं म्हणणं, साप तिनं पिल्लांच्या टोपलीखाली धरला आणि मी छपरावर बसून देवाच्या आईला हाका मारत होतो. म्हणून सापाच्या बाटलीवरच्या चिठ्ठीवर जागा दुरुस्त कराल, तेव्हा धरणाऱ्याचं नावही करा. तिनं ते शेजारी ठळक अक्षरांत लिहून दिलंय.

आणखी एक. खरं तर एवढ्यासाठीच लिहायला बसलो होतो. यादिरानं नर-माद्यांचं ते प्रकरण प्रबंधातून काढून टाकलंय. म्हणते, गॉडफादर आहेत तोवर बाईंचा साप राहू दे, माझी पदवी गेली तरी चालेल. मी सांगून पाहिलं, आईनं सांगून पाहिलं. प्रबंध वीस तारखेला द्यायचा आहे. ती ऐकेल तर फक्त तुमचं. दोन ओळी लिहा, की जे मोजलं ते लिहायचं. आणि रागावून लिहा. मायेनं लिहिलंत तर मी चुगली केली हे ती लगेच ओळखेल.