त्या रविवारी तुम्ही मला बाहेर बसवलंत

कोच, तुम्ही गेल्याला बरीच वर्षं झाली, आणि तुमच्याशी मराठीत मी पहिल्यांदाच बोलतोय. मी डब्लिनला शिकत होतो, जवळच्या समुद्रकाठच्या डून लेरीला राहत होतो. सांगलीत कबड्डी खेळलेला म्हणून मित्राने मला तुमच्या हौशी अमेरिकन फुटबॉलच्या क्लबात आणलं. पहिल्याच दिवशी मी पळणाऱ्याचे पाय धरायला गेलो आणि तोंडावर आपटलो. "डोळ्यांनी माणूस फसवतो, खांद्यांनी फसवतो," तुम्ही म्हणालात, "कंबरेने नाही. कंबर बघ." अमेरिकेत तुम्ही सात हंगाम पगारी बचावपटू होतात. चेंडू घेऊन येणाऱ्याला अंगावर घेऊन आडवा करायचा, हेच काम. तीन संघांनी घेतलं, तिघांनी सोडलं. शेवटच्या वेळी सरावाआधी एकाने दार वाजवून डावपेचांची वही परत मागितली, म्हणजे संघातून काढलं, बस. मग तुम्ही बायकोच्या गावी, इथे आलात.

अंतिम सामन्यात एका धिप्पाड गड्याला पाडून मी उठलो आणि चुकीच्या बाजूला चालू लागलो. तुम्ही माझं हेल्मेट काढून घेतलंत. "मी ग्रँड आहे, एकदम ठीक, कोच." "आज वार कोणता?" "रविवार." "आपण कुठल्या गावात आहोत?" तेही बरोबर सांगितलं. तरी हेल्मेट दिलं नाहीत. माझ्याच मोकळ्या जागेतून समोरचा संघ घुसला आणि आपण हरलो. कपडे बदलताना मी सगळ्यांसमोर ओरडलो, "तुम्हाला तिघांनी हाकललं, म्हणून आता आम्हाला हाकलताय!" तुम्ही एवढंच म्हणालात, "घरी एकटा जाऊ नकोस," आणि डार्टच्या लोकल गाडीत माझ्या शेजारी, माझ्या स्टेशनपर्यंत बसलात. मी तोंड फिरवून समुद्र बघत राहिलो. दुसऱ्या दिवसापासून क्लब सोडला.

तीन वर्षांनी तुमच्या बायकोने बोलावलं. तुमच्या स्वयंपाकघरात कपाटांवर चिठ्ठ्या आहेत: कप, चहा, साखर. तुम्ही खिडकीशी बसलायत. "बॉयलर बघायला आलास?" तुम्ही मला विचारता. मी हो म्हणतो. बाहेर सोडायला आलेल्या त्या सांगतात, खेळातल्या धक्क्यांनी मेंदू गेला, असं डॉक्टर म्हणतात. त्या सामन्याच्या वर्षीच सुरू झालं होतं. वार कोणता, गाव कोणतं, हे डॉक्टर तेव्हा दर महिन्याला तुम्हाला विचारायचे. "तुझ्याबद्दल म्हणाला होता, पोरगं चिडलंय, चिडू दे, पण त्याचं डोकं शाबूत राहू दे."

हे लिहिलेलं तुमच्या बायकोला वाचून दाखवावं असं वाटलं होतं, पण नाही दाखवणार. त्या भेटीनंतर मी दोनदा तुमच्या फाटकापर्यंत आलो आणि परत फिरलो. त्यांना काम निघाल्याचं सांगितलं. काम नव्हतं. तुम्ही ओळखणारच नाही, मग माफी मागून काय उपयोग, असं मी स्वतःला समजवायचो. खरं सांगतो कोच, तुम्ही ओळखाल, याचीच मला भीती वाटत होती.